खिळे आमचे होते, मग फॉन्ट आमचे का नाहीत?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

विंडोज १० ला मायक्रोसॉफ्ट कंपनीकडून मिळणारा नेहमीचा आधार, म्हणजे सुरक्षेच्या दुरुस्त्या वगैरे, १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. तेव्हापासून पंचवटीतल्या दुकानांत, शाळांत, पतसंस्थांत एकच प्रश्न ऐकते आहे: धडधाकट चालणारे संगणक आता भंगारात द्यायचे का? विंडोज ११ ला टीपीएम २.० ही सुरक्षेची सोय आणि बऱ्यापैकी नवा प्रोसेसर लागतो. आठ-दहा वर्षांपूर्वी घेतलेल्या अनेक यंत्रांना ही अट पेलत नाही. यंत्र बिघडलेलं नाही, मालकाला बदलायचं नाही, तरी ‘बदला’ असा निरोप आला आहे. भंगार हे याचं एकमेव उत्तर नाही, मुक्त सॉफ्टवेअर हेही एक उत्तर आहे, हे सांगण्यासाठी हे पत्र लिहिते आहे. पत्र लांबलं आहे, जागेप्रमाणे काटछाट करावी. फॉन्टविषयीचा भाग तेवढा ठेवावा ही विनंती.

मी डीटीपीचं, म्हणजे संगणकावर मजकूर टाइप करून पानं लावण्याचं, आणि छोट्या छपाईचं काम करते. लग्नपत्रिका, स्मरणिका, पतसंस्थांचे वार्षिक अहवाल, द्राक्ष बागायतदारांची पत्रकं, हौशी कवींचे संग्रह, असं सगळं माझ्याकडे येतं. वडिलांचा रविवार कारंज्याजवळ ट्रेडल छापखाना होता. भिंतीला लागून खिळ्यांच्या, म्हणजे छपाईच्या धातूच्या सुट्या अक्षरांच्या, केसेस आणि त्यांच्यासमोर उभे राहून मजकूर जुळवणारे जुळारी, या दृश्यातच मी वाढले. खिळे फाउंड्रीतून वजनावर यायचे आणि एकदा आले की ते आमचे. झिजले की धातूच्या भावाने परत द्यायचे. एखाद्या पुस्तकात ‘ळ’ कमी पडला तर शेजारच्या छापखान्यातून मूठभर आणायचे, काम झालं की पोचते करायचे. कोणत्या मशीनवर, कोणाच्या मजकुरासाठी, किती वर्षं हे खिळे वापरता, असं विचारायला फाउंड्रीवाला कधी आला नाही.

नव्वदच्या दशकात डीटीपी आलं आणि ट्रेडल विकलं गेलं. मराठी टंकलेखनाचं जे पॅकेज घेतलं, त्याच्याबरोबर अंगठ्याएवढं एक कुलूप मिळालं होतं. संगणकाच्या मागे प्रिंटरच्या पोर्टला ते लावलं तरच मराठी फॉन्ट चालायचे. या धंद्यात असलेल्या प्रत्येकाला ते कुलूप आठवत असेल. ते हरवू नये म्हणून आम्ही यंत्राच्या मागे दोरीने बांधून ठेवायचो. पैसे पूर्ण मोजले होते, पण हातात आली ती फक्त वापरण्याची परवानगी, तीही त्या कुलपाला बांधलेली. पुढे संगणकांना तसा पोर्ट येईनासा झाला. पॅकेजची नवी आवृत्ती पुन्हा विकत घ्यायची, नाहीतर जुन्या फाइल विसरायच्या, असं ज्याचं त्याला ठरवावं लागलं.

गेल्या वर्षी एक निवृत्त शिक्षक सीडी घेऊन आले. त्यांच्या पत्नीने गोळा केलेल्या जात्यावरच्या ओव्या त्यावर होत्या. त्या आमच्याच दुकानात टाइप झालेल्या, पन्नासेक प्रती छापून नातेवाइकांत वाटलेल्या. बाई आता नाहीत, आणि मुलींना ते पुस्तक पुन्हा काढायचं होतं. सीडी चालली, फाइलही उघडली, पण पडद्यावर आलं ते इंग्रजी अक्षरांचं कडबोळं. मध्येच डॉलरची खूण, मध्येच चौकटी कंस, कुठे नुसती उद्गारचिन्हं. ओवी कुठेच नाही. मजकूर पुसला गेला नव्हता. पण तो वाचायची किल्ली फाइलमध्ये नव्हती, फॉन्टमध्ये होती, आणि तो फॉन्ट कुलपामागे होता. नव्या यंत्रावर तो बसेना आणि विक्रेत्याकडे त्या आवृत्तीची चौकशी करायलाही कोणी उरलं नव्हतं.

असे किती दिवाळी अंक, किती स्मरणिका, किती गावांचे इतिहास नाशिक जिल्ह्यातल्या कपाटांत सीड्यांवर पडून असतील! छापील प्रत असेल तर ठीक, पुन्हा टाइप करता येईल. नसेल तर तो मजकूर असून नसल्यासारखा आहे. एके काळी इंटरनेटवर मराठी वर्तमानपत्रं वाचायची तर आधी त्या-त्या वर्तमानपत्राचा फॉन्ट उतरवून घ्यावा लागे, हे आपल्या जुन्या वाचकांना आठवत असेल. कारण तेच होतं.

आता मुद्द्यावर येते. ज्याला मुक्त सॉफ्टवेअर किंवा ओपन सोर्स म्हणतात, त्याची गोष्टही एका प्रिंटरपाशीच सुरू होते. आम्हा छपाईवाल्यांना ती चटकन पटते. रिचर्ड स्टॉलमन हे अमेरिकेत एमआयटीच्या कृत्रिम बुद्धिमत्ता प्रयोगशाळेत प्रोग्रॅमर होते. तिथल्या जुन्या प्रिंटरमध्ये कागद अडकला की ज्यांची छपाई थांबली आहे त्यांच्या पडद्यावर सूचना जाईल, अशी सोय त्यांनी प्रोग्रॅममध्ये स्वतः करून घेतली होती. १९८० च्या सुमारास प्रयोगशाळेला झेरॉक्सचा नवा लेझर प्रिंटर मिळाला, पण त्याचा सोर्स कोड मिळाला नाही. सोर्स कोड म्हणजे प्रोग्रॅमरने लिहिलेला, माणसाला वाचता येणारा मूळ मजकूर. आपल्याला विकत मिळते ती त्यावरून तयार केलेली, फक्त यंत्राला कळणारी प्रत. नव्या प्रिंटरमध्येही कागद अडकत होता, दुरुस्ती कशी करायची हे स्टॉलमनना माहीत होतं, पण हात बांधलेले. दुसऱ्या विद्यापीठातल्या एका संशोधकाकडे तो कोड होता. त्याच्याकडे ते मागायला गेले, तर कोणाला न देण्याच्या करारावर त्याने सही केलेली.

पुढे २७ सप्टेंबर १९८३ रोजी त्यांनी ग्नू प्रकल्प जाहीर केला. संगणक चालवायला जे जे लागतं ते सगळं असं लिहायचं की ते कोणालाही कशासाठीही चालवता यावं, आतून उघडून वाचता आणि बदलता यावं, त्याच्या प्रती वाटता याव्यात, आणि बदल केलेली प्रतही वाटता यावी. हे चार हक्क त्याचा पाया आहेत. १९८५ मध्ये फ्री सॉफ्टवेअर फाउंडेशन स्थापन झालं आणि १९८९ मध्ये जीपीएल नावाचा परवाना आला. मला या सगळ्यात सर्वांत हुशारीची गोष्ट हा परवाना वाटतो. एरवी कॉपीराइटचा कायदा प्रत काढू नका असं सांगायला वापरतात. जीपीएल त्याच कायद्याच्या आधाराने सांगतो की खुशाल घ्या, बदला, विकासुद्धा. पण पुढच्याला देताना कोडही द्या आणि हेच हक्कही द्या. मध्येच कोणी तो बंद करून आपल्या नावावर कुलूप लावू शकत नाही. ओपन सोर्सचे सगळेच परवाने इतके कडक नाहीत. एमआयटी, अपाची अशा परवान्यांत पुढच्याने कोड बंद केला तरी चालतं. १९९८ मध्ये ‘ओपन सोर्स’ हे नाव पुढे आलं, तेव्हापासून दोन विचार शेजारी-शेजारी चालत आले आहेत. एकाचा भर वापरणाऱ्याच्या हक्कावर, दुसऱ्याचा चांगलं सॉफ्टवेअर मिळून बनवण्याच्या पद्धतीवर. ओव्यांची ती सीडी पाहिल्यापासून माझा कल पहिल्याकडे आहे.

फुकट मिळणं ही वेगळी गोष्ट. व्हॉट्सॲप फुकट आहे, पण ते आतून कसं चालतं ते आपल्याला पाहता येत नाही आणि बदलता तर मुळीच येत नाही. उलट जीपीएलचा प्रोग्रॅम पैसे घेऊन विकायला कोणाची मनाई नाही.

फिनलंडमधल्या हेलसिंकी विद्यापीठातला लिनस टोरवाल्ड्स हा २१ वर्षांचा विद्यार्थी. त्याने ऑगस्ट १९९१ मध्ये आपण छंद म्हणून एक ऑपरेटिंग सिस्टिम लिहीत आहोत असं जाहीर केलं आणि पुढच्या वर्षी ती जीपीएलखाली आणली. तीच लिनक्स. आज आपल्या हातातला अँड्रॉइड फोन लिनक्सच्या गाभ्यावर चालतो, आणि जगातल्या सर्वांत वेगवान ५०० महासंगणकांच्या यादीतले सगळेच्या सगळे २०१७ पासून लिनक्सवर आहेत. ‘हे फक्त कॉम्प्युटर इंजिनिअरांचं काम’ असं म्हणणारा माणूस स्वतः दिवसभर तेच वापरत असतो.

ओव्यांचं काय झालं ते सांगते. माझ्या बहिणीचा मुलगा इथल्याच एका इंजिनिअरिंग कॉलेजात शिकतो. त्याने इंटरनेटवर शोधून हिंदीच्या जुन्या फॉन्टमधला मजकूर युनिकोडमध्ये, म्हणजे प्रत्येक अक्षराला जगभर एकच ठरलेला क्रमांक असणाऱ्या पद्धतीत, आणणारा एक प्रोग्रॅम काढला. कोणीतरी लिहून जीपीएलखाली ठेवलेला. आमच्या फॉन्टसाठी तो जसाच्या तसा उपयोगाचा नव्हता, कारण प्रत्येक पॅकेजने अक्षरं आपापल्या मर्जीने कळांवर बसवलेली. पण कोड उघडा होता म्हणून फक्त अक्षरांचा तक्ता बदलून चालणार होतं. तो तक्ता त्या मुलाला माहीत असणं शक्य नव्हतं. तो माझ्या बोटांत होता. ‘ज्ञ’ कुठे, ‘ट्ट’ कुठे, ‘द्ध’साठी कोणती दोन बटणं एकदम, हे मी सांगत गेले आणि तो लिहीत गेला.

जुन्या फॉन्टमध्ये मजकूर डोळ्यांना दिसतो त्या क्रमाने साठवलेला असतो. ‘नाशिक’ लिहिताना पहिली वेलांटी आधी, मग ‘श’. युनिकोडमध्ये आधी ‘श’, मग वेलांटी, म्हणजे आपण उच्चारतो त्या क्रमाने. ‘गोवर्धन’मधला रफार जुन्या फॉन्टमध्ये ‘ध’च्या नंतर यायचा, युनिकोडमध्ये ‘र्’ आधी येतो. त्यात आमच्या फॉन्टमध्ये ‘श’ हा अख्खा नव्हताच. अर्धा ‘श्’ आणि त्याला उभा दंड, असे दोन तुकडे. तोच दंड काना म्हणूनही वापरलेला. कोणता दंड अक्षराचा आणि कोणता कान्याचा, हे प्रोग्रॅमला शेजारचं अक्षर पाहून ठरवावं लागतं. हे सगळं बसवलं आणि पहिली ओवी पडद्यावर उमटली तेव्हा ते शिक्षक खुर्चीतून उठून मॉनिटरजवळ गेले आणि मोठ्याने वाचू लागले.

पण खरी गंमत पुढे आहे. त्याच परवान्याखाली आम्ही आमचा बदललेला प्रोग्रॅम गिटहब या कोड वाटायच्या संकेतस्थळावर ठेवला. काही आठवड्यांनी कोल्हापूरकडच्या एका अनोळखी गृहस्थांनी दुरुस्ती पाठवली. मूळ प्रोग्रॅम हिंदीसाठी लिहिलेला, आणि हिंदीत ‘दुसऱ्या’, ‘तऱ्हा’ यांतला तो आडवा अर्धा र नसतो. त्यामुळे ‘दुसऱ्या’चा ‘दुसर्या’ होत होता. त्यांनी दोनच ओळी बदलून ते नीट केलं. त्यांच्याकडे एका तालुक्याच्या इतिहासाचं हस्तलिखित त्याच फॉन्टमध्ये अडकलेलं होतं. आमची ओळख नाही, देणंघेणं नाही. हिंदीवाल्याचं काम आम्हाला उपयोगी पडलं, आमचं त्यांना, आणि त्यांची दुरुस्ती आम्हाला. हा व्यवहार कुलूपवाल्या पॅकेजात होऊच शकला नसता. तिथे चूक कळवायची आणि पुढच्या आवृत्तीची वाट पाहायची, एवढंच आपल्या हातात.

आणि हे फक्त छोट्या कामात होतं असं नाही. तुम्ही फोनवर मराठी वाचता तेव्हा ‘स्त्री’ या शब्दात स, त, र एकमेकांना जोडून नीट बसवण्याचं काम एक प्रोग्रॅम करतो. अँड्रॉइडमध्ये, फायरफॉक्समध्ये, क्रोममध्ये, लिबरऑफिसमध्ये हे काम हार्फबझ नावाची एकच ओपन सोर्स लायब्ररी, म्हणजे इतर प्रोग्रॅमना वापरता येणारा तयार कोड, करते. तिची मुख्य बांधणी बेहदाद एस्फहबोद या मूळच्या इराणी प्रोग्रॅमरने केली. पुस्तकाची पानं लावायला मी स्क्रायबस वापरते. पेजमेकर, इनडिझाइन करतात ते काम करणारा हा मुक्त प्रोग्रॅम आहे. कित्येक वर्षं त्यात मराठी जोडाक्षरं फुटायची. मग ओमानमधल्या एका गटाला अरबी मजकूर नीट हवा होता, म्हणून त्यांनी त्यात हार्फबझ बसवण्याचं किचकट काम केलं. अरबीसाठी केलेल्या त्या कामाने देवनागरीही सुधारली. २०२४ च्या सुरुवातीला आलेल्या १.६ या आवृत्तीत ती सोय सर्वसामान्य वापरासाठी आली. ओव्यांचं पुस्तक मी त्यातच लावलं. फॉन्ट घेतला मुंबईच्या ‘एक टाइप’ या संस्थेने केलेला ‘मुक्ता’. तो ओपन फॉन्ट लायसन्सखाली आहे. छापा, पीडीएफमध्ये घाला, अक्षराचं वळण बदलून वेगळ्या नावाने पुढे द्या, सगळं चालतं. वडिलांच्या खिळ्यांनंतर इतक्या वर्षांनी अक्षरं पुन्हा आमची झाली, असं मला मनापासून वाटतं.

ज्यांना रोजचं पत्र, हिशेबाचा तक्ता एवढंच करायचं आहे त्यांच्यासाठी लिबरऑफिस पुरेसं आहे. त्याचा इतिहास मला फार बोलका वाटतो. जर्मनीतल्या एका कंपनीचं स्टारऑफिस सन मायक्रोसिस्टिम्सने १९९९ मध्ये विकत घेतलं आणि पुढच्या वर्षी त्याचा कोड खुला केला. तेच ओपनऑफिस. २०१० मध्ये सन कंपनीच ओरॅकलकडे गेली. पुढे काय होईल याची खात्री वाटेना, तेव्हा काम करणाऱ्यांतल्या अनेकांनी कोड घेऊन वेगळी चूल मांडली आणि डॉक्युमेंट फाउंडेशन उभं केलं. तेच आजचं लिबरऑफिस. मालक बदलला म्हणून वापरणाऱ्यांचं काम अडलं नाही. त्याच्या फाइलींची ओडीएफ ही रचना २००६ पासून आंतरराष्ट्रीय मानक आहे. ती कशी वाचायची हे कोणालाही पाहता येतं, म्हणजे वीस वर्षांनीही कोणीतरी ती उघडू शकेल. लिबरऑफिस आणि फायरफॉक्स दोन्ही मराठीत मिळतात. मेनूसकट मराठी.

अडचणी लपवून ठेवणं बरं नाही, म्हणून त्याही लिहिते. आपल्याकडचा छपाईचा धंदा कोरलड्रॉ या चित्रं-मजकूर मांडायच्या विकतच्या प्रोग्रॅमवर चालतो. ग्राहक त्याच फाइल घेऊन येतात आणि इंकस्केप या त्याच कामाच्या मुक्त प्रोग्रॅममध्ये त्या काही उघडतात, काही विस्कटतात. म्हणून दुकानात एक यंत्र मी विंडोजचं ठेवलं आहे. इंकस्केप मुळात पडद्याच्या रंगांचं आहे. चार रंगांच्या छपाईसाठी रंग वेगळे काढायचं काम स्क्रायबसमध्ये करावं लागतं, आणि ते शिकायला वेळ जातो. डिजिटल सहीचं डोंगल काही सरकारी पोर्टलवर लिनक्समधून सरळ चालत नाही. सीए सांगतात त्या हिशेबाच्या पॅकेजचंही तसंच. मुंबईच्या फ्रॅपे कंपनीचं ईआरपीनेक्स्ट हे हिशेब आणि मालाची नोंद ठेवणारं पॅकेज जीपीएलखाली आहे आणि कारखान्यांना चांगलं आहे, पण माझ्यासारख्या छोट्या दुकानाला ते अंगापेक्षा मोठं पडतं. त्यामुळे सगळ्यांनी आजच्या आज सगळं बदला, असं माझं म्हणणं नाही.

कोड सगळ्यांना दिसतो म्हणजे चोरांनाही दिसतो, मग ते सुरक्षित कसं, हा प्रश्न पतसंस्थेचे लोक हमखास विचारतात. प्रश्न योग्य आहे. मार्च २०२४ मध्ये एक्सझेड नावाच्या, लिनक्समध्ये सर्वत्र वापरल्या जाणाऱ्या एका छोट्या प्रोग्रॅममध्ये कोणीतरी विश्वास संपादन करून चोरदरवाजा घुसवला होता. आंद्रेस फ्रॉइंड या इंजिनिअरला दूरच्या यंत्रात लॉगिन व्हायला अर्धा सेकंद जास्त लागतो हे खटकलं. त्याने कोड खणला आणि प्रकार उघडकीला आणला. तो दरवाजा बहुतेक लोकांपर्यंत पोचायच्या आधीच बंद झाला. बंद कोडमध्ये बाहेरच्या माणसाला असं खणता आलं नसतं. पण त्यातून दुसरीही गोष्ट दिसली. इतका महत्त्वाचा प्रोग्रॅम जवळजवळ एकच माणूस, तोही थकलेला, सांभाळत होता. लिनक्सच्या गाभ्यावर काम करणारे बहुतेक जण मोठ्या कंपन्यांचे पगारी आहेत, पण अशा लहान प्रोग्रॅमांना वाली नसतो. आपण फुकट वापरतो आणि विसरतो, हे थांबलं पाहिजे. वर्षाला काही रुपये देणगी, चूक दिसली तर कळवणं, मराठी भाषांतरात हात लावणं, यांतलं काहीतरी प्रत्येकाला जमतं.

जुन्या संगणकाचं म्हणाल तर चार जीबी रॅमच्या यंत्रावर मिंट नावाचा लिनक्सचा तयार संच बरा चालतो, असा दुकानातला अनुभव आहे. आठ जीबीचा पेनड्राइव्ह घ्या, संगणक त्यावरून सुरू होईल अशा रीतीने मिंट त्यावर चढवा (नुसती फाइल कॉपी करून चालत नाही) आणि संगणक त्या पेनड्राइव्हवरून सुरू करा. आतल्या विंडोजला आणि फाइलींना हात न लावता सगळं चालवून पाहता येतं. प्रिंटर चालतो का, वायफाय लागतं का, मराठी टाइप होतं का, हे तपासा. मराठी टाइप करायचा इनस्क्रिप्ट कळफलक त्यात आधीच असतो. पटलं, तर फाइलींची प्रत बाहेर काढून मगच बसवा. शिकण्यासाठी आयआयटी मुंबईच्या स्पोकन ट्युटोरियल प्रकल्पाचे लिबरऑफिसपासून लिनक्सपर्यंतचे धडे मराठी आवाजात उपलब्ध आहेत, तेही मोफत.

आता अपेक्षा. केंद्र सरकारने २०१५ मध्येच सरकारी कामात ओपन सोर्सला प्राधान्य देण्याचं धोरण जाहीर केलं आहे. निविदा काढताना ओपन सोर्स पर्यायाचा विचार करणं बंधनकारक करावं आणि तो नाकारला तर पुरवठादाराने कारण द्यावं, असं त्यात म्हटलेलं आहे. केरळच्या सरकारी शाळांत कित्येक वर्षं मुलं लिनक्सवरच संगणक शिकतात. मग आपल्या शाळांनी विंडोज १० संपलं म्हणून प्रयोगशाळेला टाळं लावायची गरज नाही. मुलांना मेनू पाठ करायला लावण्यापेक्षा आत काय आहे ते उघडून दाखवता येईल, हा फायदा वेगळाच.

दुसरी विनंती सिंहस्थाची तयारी करणाऱ्या सर्व यंत्रणांना आहे. येत्या काही महिन्यांत नाशिक आणि त्र्यंबकेश्वरमध्ये पत्रकं, नकाशे, सूचनाफलक, पुस्तिका यांची छपाई अफाट होणार आहे. आजही काही कार्यालयांतून आम्हा छपाईवाल्यांकडे मराठी मजकूर येतो तो जुन्या फॉन्टमध्ये, नाहीतर कागदाचा फोटो काढून व्हॉट्सॲपवर. तो आम्ही पुन्हा टाइप करतो आणि प्रत्येक वेळी नव्या चुका होतात. घाटाचं नाव, वाहनतळाचा क्रमांक, स्नानाची वेळ यांत चूक झाली तर त्याचा त्रास बाहेरगावच्या भाविकाला होतो. सगळा मजकूर युनिकोडमध्ये आणि ओडीएफसारख्या खुल्या रचनेत द्यावा, नकाशांच्या मूळ फाइलीही तशाच जपाव्यात, म्हणजे पुढच्या सिंहस्थाला, १२ वर्षांनी, त्या पुन्हा उघडता येतील.

तिसरी गोष्ट वाचनालयांनी आणि महाविद्यालयांनी मनावर घेतली तर होण्यासारखी आहे. नाशिकमध्ये १८४० पासूनचं सार्वजनिक वाचनालय आहे, कुसुमाग्रजांचं हे गाव, आणि त्यांचा जन्मदिवस २७ फेब्रुवारी आपण मराठी भाषा गौरव दिन म्हणून साजरा करतो. त्या दिवशी भाषणांबरोबर एका खोलीत चार संगणक मांडावेत. ज्यांच्याकडे जुन्या फॉन्टमधलं लिखाण अडकलेलं आहे त्यांनी सीडी, फ्लॉपी, जुनी हार्डडिस्क, जे असेल ते घेऊन यावं. इंजिनिअरिंगची मुलं आणि आम्ही जुने डीटीपीवाले मिळून ते बाहेर काढू. मुलांना कोड येतो, आम्हाला अक्षरांच्या जागा माहीत आहेत. तयार झालेला प्रत्येक तक्ता मुक्त परवान्याखाली ठेवायचा, म्हणजे मालेगावच्या किंवा लातूरच्या माणसाला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागणार नाही. कोणत्याही संस्थेने जागा दिली तर शहरातल्या डीटीपीवाल्यांना गोळा करायची जबाबदारी मी घेते. आपल्या कार्यालयाकडे माझा पत्ता आहे.

येणाऱ्यांनी एक मात्र करावं. त्या मजकुराचं एखादं छापील पान घरात असेल तर सीडीबरोबर आणावं. ते समोर असलं की कोणती खूण कोणत्या अक्षराची हे लवकर सापडतं. पानावर जोडाक्षरं जितकी जास्त तितकं चांगलं.

आपली,
एक डीटीपी व्यावसायिक
पंचवटी, नाशिक